जावळाचं रीळ

१

माझ्या कामाला आमच्या भागात नाव नाही. कोणी विचारलं तर माझी बायको दिपाली "यायचं कॉम्प्युटरचं हाय काहीतरी" म्हणून मोकळी होते. रोहण्याचे माझे काका तेवढे सरळ बोलतात. "आमचा भूपेंद्र मेलेल्या लोकाईले आंघोया घालते," असं ते भर पंगतीत सांगतात, आणि खरं सांगायचं तर त्यात फारसं खोटं नाही.

सिनेमा करणाऱ्यांना जुनी दृश्यं लागतात. कोणाला कापसाचा बाजार हवा असतो, कोणाला बैलगाड्यांची रांग, कोणाला नुसती एखादी जुनी पाटी. मी ती शोधतो. कोणाच्या तरी माळ्यावर, मोडक्या पंख्याच्या मागे रिळाचा डबा निघतो. तो मी गोड बोलून घेऊन येतो, रीळ पुसतो, तुटलेलं सांधतो आणि मशीनवर चढवून एकेक चित्र कॉम्प्युटरात उतरवतो. हा सगळा कारभार सिंदी मेघ्यात आमच्या घराच्या गच्चीवरच्या खोलीत चालतो. खिडकीला काळा कागद चिकटवलेला आहे, त्यामुळे भर दुपारी तिथं अंधार असतो. कूलरची ओल रिळाला चालत नाही. म्हणून वर्ध्याच्या मे महिन्यात मी बनियनवर बसून घामाने भिजतो आणि माझी रिळं कोरडी राहतात. खाली दिपाली कूलरसमोर आडवी झालेली असते. कूलरची घरघर जिन्यातून वर येते. त्या घरघरीची मला इतकी सवय आहे की ती थांबली तरच मला ऐकू येते.

त्या उन्हाळ्यात पुण्याच्या प्रेरणाचं काम हातात होतं. बाजारपेठेच्या गावांवर ती माहितीपट करत होती. "भूपेंद्रदादा, कापूस खूप झाला," ती फोनवर म्हणाली, "आता मला घरातली माणसं द्या. हसणारी."

मला सेलूचा चंदन आठवला. त्याचं तिथं हार्डवेअरचं दुकान आहे. पंचेचाळिशीचा, गोल पोटाचा, बोलायला लागला की गिऱ्हाईक विसरणारा माणूस. त्याचे वडील ओमप्रकाशजी आता नाहीत, पण त्यांना सिनेकॅमेऱ्याचा नाद होता, हे तालुक्यात सगळ्यांना ठाऊक. चंदन दुसऱ्याच दिवशी डबा घेऊन हजर झाला.

"हे घ्या, माह्या जावळाचं रीळ. आई मोहिनीताईकडं नागपूरले गेली हाय, डोयाच्या ऑपरेशनले. आई घरी असती तं हे भेटलंच नसतं तुमाले."

"काऊन?"

"काय मालूम. कोणाले हात लावू देत नव्हती. म्हणे, जसं हाय तसं राहू द्या." तो पोट हलवत हसला. "आता मी कोणता लहान हाव?"

मीही हसलो. म्हाताऱ्या माणसांचं असतंच असं. कोणी तुटकी चाळणी जपतं, कोणी रीळ.

२

माझी एक पद्धत आहे. रीळ आलं की आधी न पुसता, आहे तसं एकदा कच्चं उतरवायचं आणि लगेच पाठवून द्यायचं. ते पाहून सिनेमावाले काय हवं ते निवडतात. मग पुसायचं आणि पक्कं उतरवायचं.

कच्च्यात एक अंगण दिसलं. बाळाचे पहिले केस नुकतेच काढलेले, आंघोळ घातलेली, आणि तुळतुळीत डोक्याचा चंदन आईच्या मांडीवर. भोवती बायका. ओमप्रकाशजी कॅमेरा घेऊन हळूहळू जवळ गेले होते आणि सगळं अंगण त्यांच्याकडे बघून दात दाखवत होतं. मग नुसता बाळाचा चेहरा. दोन दात, आणि असं हसू की मी एकटाच अंधारात "अरे लबाडा" असं मोठ्यानं म्हणालो.

त्या चेहऱ्यावर एक काळा ठिपका नाचत होता. कधी गालावर, कधी कानाजवळ, एका चित्रात चक्क नाकावर. जुन्या रिळावर बुरशीचे डाग असतातच. पण बुरशी वाट्टेल तिथं पसरते. बाळ कुठं आहे हे तिला कसं कळावं? हे मला खटकलं. पण खटकतं न खटकतं तोच प्रेरणाचा फोन आला.

"दादा, कसलं गोड बाळ आहे ते! मी सिनेमाच याच्यावर सुरू करते. फक्त तो डाग तेवढा काढा."

आणखी एक होतं, पण त्याला खटकणं म्हणता येणार नाही. मागे, ओसरीच्या खांबाजवळ एक माणूस पाठमोरा उभा होता. पांढरं धोतर, पांढरा सदरा, उघडं डोकं. सगळे कॅमेऱ्याकडे बघताहेत आणि हा भिंतीकडे तोंड करून. असतात अशी माणसं. कोणत्याही लग्नाचा व्हिडिओ काढा, त्यात एक फुगलेला मामा सापडतोच.

मी रीळ पुसायला घेतलं. मऊ कापड, थोडं औषध, आणि दोन बोटांत धरून हळूहळू ओढत न्यायचं. डाग लगेच सुटले. बुरशी इतकी सहज सुटत नाही. मी कापड नाकाशी नेलं. जुन्या रिळांना सिरक्यासारखा आंबूस वास असतो. या काळ्याला जळक्या तुपाचा वास होता. वास ओळखीचा होता, अगदी घरातला, पण कुठला ते काही केल्या आठवेना. मी कापड टाकून दिलं.

३

चित्रातल्या माणसांची नावं विचारून ठेवणं हाही कामाचा भाग आहे. चार-सहा दिवसांनी चंदन माल घ्यायला वर्ध्याला आला, तेव्हा त्याला वर बोलावलं आणि प्रेरणाला पाठवलेलं पक्कं दाखवलं. तो पहिल्यांदाच स्वतःचं टक्कल पाहत होता. फार खूश झाला.

"हे माही आत्या. हे शोभाबाई, शेजारची. हा वस्तरा पुसून राह्यला तो कवडू न्हावी. अन् हे आई, पाहा ना किती बारीक होती!"

"आणि हा मागचा?"

चंदन पडद्याजवळ वाकला. "याले कसं वळखू? याचं तं अर्धंच तोंड दिसते."

अर्धं तोंड. मी पाहिलं. खांबाजवळचा माणूस बाजूला वळलेला होता. कान, गालाचं हाड आणि नाकाचा शेंडा दिसत होता.

चंदननं मानेवर हात फिरवला आणि मागं दाराकडे पाहिलं. दार बंद होतं.

"काय झालं?"

"काही नाई. मागून कोणी पाहून राह्यलं असं वाटते. तुमाले रीळ देलं ना, त्याच्या एकदोन रोजानंतर सुरू झालं. दुकानात बी तसंच."

"ऊन लागलं असेल," मी म्हणालो. आमच्याकडे मे महिन्यात सगळ्याला हेच उत्तर असतं.

तो गेल्यावर मी कच्चं आणि पक्कं शेजारी शेजारी लावलं. आत्याचा हात दोन्हीकडे तसाच हवेत. कवडूचा वस्तरा तसाच. कोपऱ्यातल्या गाईची शेपटीसुद्धा त्याच जागी. वळला होता तो एकटाच. मग मी स्वतःला समजावायला बसलो. कच्चं घाईत झालं होतं. त्या जागी मळ असेल, मळाखाली तोंड असेल, पुसल्यावर ते बाहेर आलं. चित्रं मागेपुढे झाली असतील. अशी पाच-सहा कारणं काढली आणि प्रत्येक कारण अर्धं अर्धं पटलं. पण अर्धी कारणं कितीही जोडली तरी त्यांचं एक पूर्ण होत नाही, हे त्या दिवशी कळलं. मी मशीन बंद केलं आणि उगाच खाली जाऊन कूलरसमोर बसलो.

४

पुढच्या आठवड्यात चंदनचा फोन आला. आवाज इतका बारीक की मी नंबर पुन्हा पाहिला.

"दादा, दुकान बंद हाय. ताप नाई, दुखत नाई, रिपोर्ट सगळे नॉर्मल. डॉक्टर म्हणते टेन्शन घेऊ नका. पण अन्नच जात नाई खाली. अन् झोपलो का उशाशी कोणी उभं असल्यासारखं वाटते. पॅन्ट कमरेत राहत नाई, दादा."

पोट हलवत हसणारा माणूस तो. मला वाईट वाटलं, आणि त्याहून जास्त भीती वाटली. त्या दुपारी मी रीळ तिसऱ्यांदा मशीनवर चढवलं. काहीच बदललेलं नाही, हे मला स्वतःला दाखवायचं होतं. आ बैल मुझे मार, दुसरं काय.

मशीनची टकटक सुरू झाली. खालची घरघर चालू होती. मग लाइट गेली आणि घरघर थांबली. वरचं मशीन इन्व्हर्टरवर आहे, ते थांबलं नाही. एवढ्या शांततेत ती टकटक पावलांसारखी वाटायला लागली, म्हणून मी मुद्दाम खाकरलो. खोलीत दुसरं कोणी नव्हतं. तरी मी खुर्ची सरकवून पाठ भिंतीला लावली.

पडद्यावर अंगण आलं. खांबाजवळ कोणी नव्हतं.

क्षणभर मला हायसं वाटलं. मग तो दिसला. बायकांच्या घोळक्यात, चंदनच्या आईच्या अगदी मागे. मान खाली, त्यामुळे नुसता कपाळाचा भाग आणि विरळ केस.

"कूलर बंद पडला, झोप मोडली," म्हणत दिपाली वर आली. तिला मी यातलं काही सांगितलं नव्हतं. ती पदराने वारा घेत पडद्यासमोर उभी राहिली आणि वारा घेणारा हात थांबला.

"अवो, हा कोण?"

"कोणता?" मी मुद्दाम विचारलं.

"हा काय. सगळे कॅमेऱ्याकडं पाहून हासून राह्यले. हा एकटाच पोराले पाहून राह्यला." तिनं पदर अंगाभोवती ओढून घेतला, त्या उकाड्यात. "बंद करा ते. अन् ज्याचं हाय त्याले आत्ताच्या आत्ता देऊन या."

मला इतकं बरं वाटलं की तिथंच रडू आलं असतं. वेडा झालो असेन तर निदान आता दोघं होतो.

५

सेलूला चंदनच्या घरचं ते अंगण आता राहिलेलं नाही. त्यावर स्लॅब पडला आहे. पुढं दुकान, मागं खोल्या. चंदन मागच्या खोलीत पलंगावर पडला होता, भिंतीकडे तोंड करून. खिडकीतून ऊन येत होतं तरी त्याच्या अंगावर चादर होती. चादरीखाली माणूस आहे की नुसती उशी, असा प्रश्न पडावा इतका तो आटला होता.

त्याची आई आनंदाबाई आदल्या दिवशीच नागपूरहून परतली होती. एका डोळ्यावर पट्टी, त्यावर काळा चष्मा. मी डब्याचं झाकण काढताच तिनं तोंड माझ्याकडे वळवलं.

"रीळ पुसलं का बापू तुम्ही?"

मी नुसती मान हलवली. तिला ती दिसली नसावी, पण तिला उत्तर कळलं.

ती उठली, भिंत चाचपत देवघरात गेली आणि पितळेची एक चपटी डबी घेऊन आली. झाकण उघडलं आणि तो वास आला. जळक्या तुपाचा. काजळ! लहानपणी माझ्या आईनं दिव्यावर वाटी धरून केलेलं, माझ्या डोळ्यांत, गालावर, तळपायाला लावलेलं काजळ. वास ओळखीचा कसा नसणार? बाळाच्या गालावर जे असायला हवं होतं तेच मी पुसलं होतं. डाग म्हणून. तेही इतकं नीट, इतकं मन लावून.

"त्या रोजी न्हाऊ घातलं अन् टिका लावाचा राह्यला," आनंदाबाई सांगू लागली. "तेवढ्यात यायनं कॅमेरा चालू केला. रीळ मुंबईहून धुऊन आलं, भिंतीवर लावून पाह्यलं, तवा दिसलं मले. पोरगं बी तवा असंच सुकत चाललं होतं. मंग मीच सुईनं एकेक टिका लावला रिळावर. माणसाची नजर उतरून टाकता येते बापू, माणूस पाह्यते अन् निघून जाते. रिळातला कुठी जाईन?"

"कोण आहे तो?"

"मले काय मालूम? त्याले कोणी बलावलं नव्हतं."

तिनं डबी आणि एक सुई माझ्या हातात दिली. "माहा हात कापते आता, अन् डोया हा असा. तुमीच पुसलं, आता तुमीच लावा."

मी खिडकीजवळ बसलो. एका हातात रीळ, डोळ्याला भिंग, दुसऱ्या हातात सुई. बाळाचा चेहरा नखाएवढाही नव्हता. सुईचं टोक काजळात बुडवायचं, गालावर टेकवायचं, पुढचं चित्र. आयुष्यात इतकं बारीक काम मी केलेलं नाही. पहिल्या काही चित्रांत मी गालाशिवाय कशाकडे पाहिलंच नाही. पण कडेनं दिसायचं ते दिसत होतं. आईच्या खांद्यावरून कोणीतरी वाकलं होतं. एक हात पुढे आला होता, आणि तो बाळाच्या तुळतुळीत डोक्यावर टेकलेला होता.

"आई," पलंगावरून चंदन पुटपुटला, "डोक्यावरचा हात काढा न कोणी."

त्याच्या आसपास कोणी नव्हतं. आनंदाबाई माझ्या शेजारी होती. तिनं माझ्या गुडघ्यावर हात ठेवला आणि दाबला. मी सुई बुडवली, टेकवली, बुडवली, टेकवली. घाम भिंगावर पडला, तो सदऱ्यानं पुसला आणि पुन्हा डोळा लावला. तेव्हा चुकून वर पाहिलं गेलं.

मला वाटलं होतं ते तोंड भयंकर असेल. तसं नव्हतं. साधं, कोणाचंही असावं असं तोंड. त्यावर राग नव्हता, कौतुक होतं. लहान मूल पाहून सगळ्यांच्या तोंडावर येतं तेच. प्रेरणाच्या आवाजात होतं, अंधारात "अरे लबाडा" म्हणताना माझ्याही तोंडावर असेल, ते. फक्त आपलं कौतुक थोड्या वेळानं संपतं. त्याचं संपलेलं नव्हतं. ते भुकेलं होतं, इतकी वर्षं.

मी टिका लावला आणि पुढच्या चित्रावर आलो. त्यात त्याची मान वर होती. तो आता बाळाकडे पाहत नव्हता.

माझा हात थांबला असता तर पुढं काय झालं असतं, याचा विचार मी करत नाही. हात थांबला नाही. शेवटच्या गालावर शेवटचा टिका टेकवला आणि भिंग खाली ठेवलं.

पलंग करकरला. चंदननं मोठा श्वास सोडला आणि कूस बदलली. कितीतरी दिवसांनी त्याचं तोंड आमच्याकडे झालं. डोळे खोल गेलेले, दाढी वाढलेली, पण डोळे चंदनचेच होते.

"आई," तो म्हणाला, "भूक लागली. वरण-भात हाय का? वरून तूप घालजो."

आनंदाबाई मटकन खाली बसली आणि चष्म्याखालून पाणी वाहू लागलं. ऑपरेशनच्या डोळ्यानं रडू नका, असं मी तिला सांगत होतो, आणि माझेच डोळे थांबत नव्हते.

६

त्यानंतर सगळं भराभर ठीक होत गेलं. चंदन आठवडाभरात दुकानात बसू लागला आणि पाऊस सुरू व्हायच्या आत त्याचं पोटही बरंचसं परत आलं. मी रीळ काजळासकट पुन्हा उतरवलं आणि प्रेरणाला पाठवलं. तिचा फोन येणार हे माहीत होतं.

"दादा, डाग तसाच आहे की! आधीच्यात तर गेला होता."

"तो डाग नाही. तीट आहे. काढायची असेल तर हे दृश्य वापरू नका, मी दुसरं शोधून देतो. आणि आधीचं जे पाठवलं होतं ते सगळं पुसून टाका."

मला वाटलं ती हसेल किंवा चिडेल. "माझ्या आईनं माझ्या पासपोर्टच्या फोटोवर पेनानं ठिपका काढला होता," ती म्हणाली. "ऑफिसवाल्यांनी फोटो परत पाठवला होता. राहू दे दादा, तीट राहू दे." पैज लावून सांगतो, त्या दिवशी मी तिला मनातल्या मनात शंभर आशीर्वाद दिले.

सिनेमा पूर्ण झाल्यावर प्रेरणानं सेलूला चंदनच्या दुकानातच पडदा लावला. खिळ्यांची पोती बाजूला सरकवून सगळे बसले होते. चंदनची बहीण मोहिनी नागपूरहून आली होती, दिपालीही माझ्याबरोबर आली. बाळ हसलं, गालावरचा ठिपका नाचला आणि सगळं दुकान हसलं. चंदन सगळ्यात मोठ्यानं. मी तेवढा खांबाकडे पाहत होतो. तो तिथं होता. पाठमोरा, भिंतीकडे तोंड करून. माझ्या छातीवरचं ओझं उतरलं आणि मग मीही हसलो.

निघताना आनंदाबाईनं मला हाक मारली. तिच्या डोळ्यावरची पट्टी गेली होती, आता तिला स्वच्छ दिसत होतं.

"खाली वाका, बापू."

मी वाकलो. तिनं डबीत बोट बुडवलं आणि माझ्या डाव्या कानामागं काजळाचा टिका लावला.

"मले कायले, माय? मी काय लेकरू हाव?"

"तुमी त्याले पाह्यलं," ती म्हणाली. "मंग त्यानं बी तुमाले पाह्यलं असन ना."

मी मोटारसायकल चालवत होतो, दिपाली मागं बसली होती. सेलू मागं पडलं, हवेत गारवा आला होता आणि कितीतरी दिवसांनी मला मोकळं वाटत होतं. वर्ध्याचे दिवे दिसायला लागले तेव्हा दिपाली मागून म्हणाली, "अवो, कानामागं काय काळं लागलं तुमच्या? थांबा, पुसते."

"पुसू नको," मी म्हणालो.